अजिंठा: वाचवणाऱ्यांच्या हातून वाचलेली चित्रे

अजिंठ्याच्या चित्रांच्या नकला एकोणिसाव्या शतकात दोनदा लंडनला गेल्या आणि दोन्ही वेळा आगीत सापडल्या. विसाव्या शतकात काही नकला जपानला गेल्या, त्या १९२३ च्या मोठ्या भूकंपात नष्ट झाल्या. मूळ चित्रे मात्र मातीच्या गिलाव्यावर काढलेली. शेकडो वर्षे ती जंगलात, वटवाघळांच्या सोबतीने, राखणदाराविना पडून होती आणि आजही भिंतीवर आहेत. जगातल्या पुरातन चित्रकलेच्या मोजक्या मोठ्या ठेव्यांत त्यांची गणना होते आणि १९८३ पासून युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत त्यांचे नाव आहे.

दुर्लक्षाच्या शतकांत अजिंठ्याचे नुकसान झालेच. पण गेल्या दोनशे वर्षांत त्यात एक वेगळी भर पडली. चित्रांवर प्रेम करणाऱ्या, ती टिकावीत म्हणून झटणाऱ्या माणसांनीही त्यांना इजा केली. कुणी वॉर्निश लावले, कुणी लाख चढवली, कुणी तुकडा काढून संग्रहालयात नेला. त्यामुळे जुन्या वास्तू कशा जपाव्यात, आणि कशा जपू नयेत, याचे भारतातले सर्वांत लांबलेले शिक्षण अजिंठ्यात झाले असे म्हणता येईल.

वाघूरच्या वळणावर

छत्रपती संभाजीनगरपासून सुमारे १०० किलोमीटर आणि जळगावपासून साधारण ६० किलोमीटर अंतरावर, सोयगाव तालुक्यातल्या लेणापूरच्या हद्दीत वाघूर नदी घोड्याच्या नालाच्या आकाराचे वळण घेते. वळणाच्या माथ्याशी सातकुंडाचा धबधबा आहे. नदीने कापलेल्या उभ्या कड्यात अर्धवट राहिलेली धरून ३० लेणी ओळीने कोरलेली आहेत. कातळ दख्खनच्या पठाराचाच, म्हणजे सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाच्या थरांचा. खोदकाम वरून खाली होत असे. आधी छत, मग खांबांचे माथे, मग जमीन, अशा क्रमाने गेले की उंच परांची बांधावी लागत नाही. हे तंत्र नीट पाहायचे तर पूर्ण झालेल्या लेण्यांपेक्षा चोविसावे लेणे पाहावे. ते मोठ्या आकाराचे विहारलेणे अर्ध्यावर थांबलेले आहे आणि छिन्नीचे घाव तिथे अजून उघडे आहेत.

लेणी दोन काळांत घडली. नववे आणि दहावे ही चैत्यगृहे, आणि त्यांच्याभोवतीचे काही विहार, इसवी सनापूर्वीच्या दुसऱ्या-पहिल्या शतकातले. दहाव्या लेण्याच्या दर्शनी भागावर ब्राह्मी लिपीत वासिष्ठीपुत्र कटहादी याच्या दानाची नोंद आहे. त्यानंतर काही शतके काम बंद होते. पाचव्या शतकाच्या उत्तरार्धात वाकाटकांच्या वत्सगुल्म शाखेचा, म्हणजे आजच्या वाशीमचा राजा हरिषेण याच्या काळात डोंगर पुन्हा गजबजला. त्याचा मंत्री वराहदेव याने सोळावे लेणे खोदवून घेतले. सव्विसाव्या लेण्याचा दाता भिक्षू बुद्धभद्र याच्या शिलालेखाचा आशय इथे मुद्दाम सांगण्यासारखा आहे. जगात स्मृती टिकते तोवर माणूस स्वर्गसुख भोगतो, म्हणून चंद्र-सूर्य असेपर्यंत राहील असे स्मारक डोंगरात उभारावे, असे त्यात म्हटले आहे. पुढच्या पिढ्यांचा विचार, म्हणजे, ही लेणी खोदणाऱ्यांनीच आधी केला होता.

त्यांनी भरवसा ठेवला तो कातळावर. चित्रे मात्र मातीवर होती.

गिलाव्याच्या आत

अजिंठ्याच्या चित्रांना सर्रास भित्तिचित्रे म्हणतात, पण युरोपात ओल्या चुन्यावर रंग मुरवून काढतात तसली ही नव्हेत. इथे रंग कोरड्या पृष्ठभागावर, डिंक किंवा सरसासारख्या चिकट द्रव्यात कालवून लावले आहेत. भिंतीची छिन्नीने खडबडीत ठेवलेली बाजू हाच पहिला आधार. तिच्यावर लोहयुक्त मातीचा जाड थर बसवला. मातीत दगडाची भुकटी, वाळू, भाताचे तूस, गवत आणि वनस्पतींचे तंतू मळलेले. त्यावर बारीक मातीचा दुसरा थर आणि शेवटी चुन्याचा किंवा पांढऱ्या मातीचा पातळ हात.

ज्या ठिकाणी चित्र निखळले आहे तिथे या गिलाव्याची कड उघडी पडते. जवळ जाऊन पाहिले तर तुसाची टरफले आणि गवताच्या काड्या साध्या डोळ्यांनी दिसतात. खेड्यातल्या घराची मातीची भिंत खरवडली तर जसे दिसेल, अगदी तसे. पहिल्या लेण्यातला पद्मपाणी ज्या पृष्ठभागावर उभा आहे तो अशाच मातीचा आहे हे तिथे लक्षात येते. आणि चित्रांच्या सगळ्या दुखण्यांचे मूळही तिथेच दिसते. पाणी मुरले की ही माती सुटते, तूस-गवत किड्यांना खाद्य पुरवते, आणि चिकट द्रव्य कोरडे पडले की रंगाचे पापुद्रे उठतात.

रंगांपैकी बहुतेक याच परिसरातले. तांबड्यासाठी गेरू, पिवळ्यासाठी पिवळी माती, काळ्यासाठी काजळी, पांढऱ्यासाठी चुना आणि पांढरी माती. हिरवा रंगही इथल्या कातळाच्या पोकळ्यांत सापडणाऱ्या हिरव्या खनिजाचा. निळा तेवढा परका. तो लाजवर्दाचा, अफगाणिस्तानातल्या बदख्शानच्या खाणींमधून व्यापारी मार्गांनी आलेला, आणि म्हणून फक्त नंतरच्या काळातल्या चित्रांत आढळतो. महाजनक जातकातल्या दरबारात किंवा सतराव्या लेण्याच्या ओसरीत जिथे निळा उठून दिसतो, तिथे वाकाटककाळातल्या सधन दात्यांचा पैसाच बोलतो.

खांबावरचे नाव

हरिषेणाच्या मृत्यूनंतर आश्रय आटला आणि लेण्यांतला राबता हळूहळू थांबला. जंगल वाढले, गाळ आणि दगडमाती आत साचली. आसपासच्या गावांतल्या माणसांना आणि गुराख्यांना लेणी ठाऊक होती. बाहेरच्या जगाला त्यांची वार्ता लागली ती १८१९ मध्ये. मद्रास घोडदळाचा अधिकारी जॉन स्मिथ वाघाच्या शिकारीसाठी या खोऱ्यात आला आणि त्याला दहाव्या लेण्याची कमान दिसली. आत जाऊन त्याने एका खांबावर, रंगवलेल्या आकृतीच्या अंगावरच, स्वतःचे नाव आणि २८ एप्रिल १८१९ ही तारीख कोरली.

ते नाव आजही आहे, पण नजरेच्या टप्प्यात नाही. मान वर करून शोधावे लागते. कारण स्मिथ जमिनीवर उभा नव्हता. लेण्यात साचलेल्या सुमारे दीड मीटर उंचीच्या ढिगाऱ्यावर तो उभा होता. पुढे ढिगारा उपसला गेला आणि नाव वरच राहिले. लेणे किती बुजले होते याची मोजपट्टी अशा रीतीने त्याच्याच खोडसाळपणातून उरली.

त्यानंतर हौशी लोकांची रीघ लागली. मुंबईतले विद्वान डॉक्टर जेम्स बर्ड यांनी १८२८ मध्ये संग्रहासाठी चित्रांतले काही चेहरे भिंतीवरून सोलून काढण्याचा प्रयत्न केला. माती ती; हातातच भुगा झाली. आणखीही तुकडे निघाले, विकले गेले. त्यांतला एक आज अमेरिकेत बॉस्टनच्या ललितकला संग्रहालयात आहे. भिंतीवरून निघालेला तुकडा संग्रहालयात सुखरूप राहतो हे खरे, पण जातककथेच्या सलग पटातून तो कायमचा उठतो, आणि भिंतीवर नवी उघडी कड तयार होते. तिथून पुढची पडझड सुरू होते.

नकलांचे दुर्दैव

स्थापत्याचा अभ्यासक जेम्स फर्ग्युसन याने १८४३ मध्ये लंडनच्या रॉयल एशियाटिक सोसायटीत या लेण्यांवर निबंध वाचला. चित्रे नाहीशी होण्याआधी त्यांच्या नकला करून घ्याव्यात असा आग्रह ईस्ट इंडिया कंपनीकडे धरण्यात आला, आणि १८४४ मध्ये मद्रास फौजेतल्या रॉबर्ट गिल या चित्रकार अधिकाऱ्याची नेमणूक झाली. अजिंठा गावात राहून गिलने जवळपास वीस वर्षे मोठमोठ्या कॅनव्हासवर तेलरंगात नकला केल्या. पुढे तो छायाचित्रणाकडेही वळला आणि अजिंठ्याची सुरुवातीची छायाचित्रे त्याच्याच नावावर आहेत. स्थानिक स्त्री पारो हिच्याशी त्याचे जुळलेले नाते मराठी वाचकांना ना. धों. महानोरांच्या ‘अजिंठा’ या दीर्घकवितेतून माहीत आहे. पारोची समाधी अजिंठा गावात आहे, गिलची भुसावळला.

गिलच्या नकला लंडनजवळ सिडनहॅमच्या क्रिस्टल पॅलेसमध्ये मांडल्या होत्या. डिसेंबर १८६६ मध्ये तिथे आग लागली आणि मोजके कॅनव्हास सोडता सगळे काम खाक झाले.

दुसरा प्रयत्न मुंबईतून झाला. सर जे. जे. कलाशाळेचे प्रमुख जॉन ग्रिफिथ्स यांनी १८७२ ते १८८५ या काळात आपल्या विद्यार्थ्यांना घेऊन सुमारे ३०० नकला तयार केल्या. पेस्तनजी बमनजी यांच्यासारखे पुढे नावारूपाला आलेले चित्रकार या चमूत होते. आधुनिक शिक्षण घेतलेल्या भारतीय चित्रकारांची प्राचीन भारतीय चित्रांशी झालेली ही पहिली मोठी गाठ. पण याही नकला लंडनला साउथ केन्सिंग्टनच्या संग्रहालयात गेल्या, आणि १८८५ मधल्या आगीत त्यांपैकी शंभराहून अधिक जळाल्या. उरलेल्या आजच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट संग्रहालयात आहेत. ग्रिफिथ्स यांचा दोन खंडांचा ग्रंथ १८९६-९७ मध्ये निघाला म्हणून त्या कामाचा लाभ जगाला झाला.

या नकलांची किंमत मूळ चित्रांनीही मोजली. धुरकटलेल्या भिंतीवरची रेघ स्पष्ट दिसावी म्हणून नकलाकारांनी चित्रांवर वॉर्निश फिरवले होते. त्या दिवशी रंग खुलले, नकला उतरवता आल्या. पुढे तेच वॉर्निश पिवळे पडले, भेगाळले आणि धूळ धरून बसले.

१९०९ ते १९११ दरम्यान ख्रिस्तियाना हेरिंगहॅम या इंग्रज चित्रकर्तीने नंदलाल बोस, असितकुमार हालदार, समरेंद्रनाथ गुप्त, के. वेंकटप्पा आणि इतर भारतीय चित्रकारांच्या मदतीने नव्याने नकला केल्या. त्या १९१५ मध्ये प्रसिद्ध झाल्या आणि अजिंठ्याची रेषा बंगालच्या चित्रकलेत उतरली. त्याच दशकात जपानी चित्रकार आराई कानपो आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी केलेले काम भूकंपाने गिळले. नकला नष्ट झाल्या तरी चित्रकारांचे हात शिकले, ते वाया गेले नाही.

लाखेचा लेप

लेणी निजामाच्या राज्यात होती. हैदराबाद संस्थानाने १९१४ मध्ये पुरातत्त्व खाते स्थापन केले आणि गुलाम यझदानी यांच्याकडे त्याची सूत्रे दिली. खात्याने ढिगारे उपसले, मोडलेले खांब नव्याने उभे केले, रस्ता केला, पहारा बसवला. यझदानींनी १९३० ते १९५५ या काळात चार भागांत प्रसिद्ध केलेला ग्रंथ आजही संदर्भ म्हणून उघडला जातो. शंभर वर्षांपूर्वी कोणती चित्रे कुठवर शाबूत होती हे त्यातल्या छायाचित्रांवरून ताडून पाहता येते.

चित्रे पक्की करण्यासाठी निजाम सरकारने इटलीहून लोरेन्झो चेक्कोनी आणि काउंट ओर्सिनी या तज्ज्ञांना बोलावले. १९२० ते १९२२ दरम्यान त्यांनी इथे काम केले. सुटलेल्या गिलाव्याच्या कडा त्यांनी बांधून घेतल्या, पोकळ झालेले भाग चिकटवले. त्यामुळे पडायला आलेले कितीतरी भाग वाचले, याचे श्रेय त्यांना द्यायलाच हवे. मग शेवटचा हात म्हणून त्यांनी रंगांवर लाखेचे, म्हणजे चपड्याचे पारदर्शक लुकण चढवले. त्या काळी युरोपातही हा मान्य उपाय होता.

चपडा जुना होतो तसा तपकिरी पडतो, कडक होतो आणि सहजासहजी विरघळेनासा होतो. आकसताना खालच्या रंगाचा पापुद्राही तो ओढून उचलतो. नवव्या आणि दहाव्या लेण्यांत आधीच काजळी आणि वटवाघळांची घाण होती, तिच्यावर हा थर बसला. काही दशकांत तिथली दोन हजार वर्षांची जुनी चित्रे इतकी काळवंडली की पाहणारे त्यांच्यापुढून न थांबता निघून जात.

१९५३ पासून लेणी भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाकडे आली. खात्याच्या रसायनशाखेने चपड्याऐवजी पॉलिव्हिनिल अ‍ॅसिटेटसारखी कृत्रिम राळ वापरायला घेतली. ती चपड्याइतकी पिवळी पडत नाही आणि योग्य द्रावकाने काढता येते. तरी तिचाही जाड हात झाला की चकाकी येते आणि धूळ चिकटते, हे अनुभवांती कळले.

पाणी, कीड आणि माणसांचा श्वास

लेण्यांच्या रोजच्या शत्रूंत पहिला नंबर पाण्याचा. पावसाळ्यात डोंगरमाथ्यावरचे पाणी कातळाच्या भेगांतून आणि लाव्हाच्या दोन थरांमधल्या सांध्यांतून झिरपते व गिलाव्याच्या मागे पोहोचते. म्हणून लेण्यांच्या वर, माथ्यावर चर खोदून पाणी बाजूला वळवणे आणि भेगा बुजवणे हे काम चित्रांपासून दूर होत असले तरी चित्रांसाठी तेच सर्वांत मोलाचे. पर्यटकाला ते दिसतही नाही. सैल कातळ सळया ठोकून जखडणे हेही याच प्रकारचे काम.

दुसरी कीड. गिलाव्यातले तूस आणि तंतू पोखरणाऱ्या किड्यांनी अजिंठ्याची बरीच चित्रे नासवली आहेत. इथे शेजारच्या वेरुळातून एक कुतूहलाची गोष्ट पुढे आली. पुरातत्त्व सर्वेक्षणाचे राजदेव सिंह आणि छत्रपती संभाजीनगरच्या विद्यापीठातले वनस्पतिशास्त्रज्ञ सरदेसाई यांनी वेरुळच्या गिलाव्याचे नमुने तपासले. २०१६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या या अभ्यासात वेरुळच्या मातीत भांगेच्या झाडाचे तंतू आढळले. अजिंठ्याच्या गिलाव्यात ते नाहीत. वेरुळच्या गिलाव्याला कीड कमी लागण्याचे कारण ही भांग असावी असा त्यांचा निष्कर्ष आहे. अजिंठ्यानंतर काही पिढ्यांनी काम करणाऱ्या गवंड्यांनी साहित्यात अशी सुधारणा केली असेल, तर इमारत टिकवण्याची विद्या तेव्हाही अनुभवातूनच वाढत होती.

वटवाघळे दारांना जाळ्या बसवून रोखली गेली. माणसांना जाळी लावता येत नाही. प्रत्येक पर्यटक आत येताना ओलावा, उष्णता आणि पायाची धूळ घेऊन येतो. गर्दीच्या सुट्टीत बंदिस्त विहारातला दमटपणा वाढतो आणि रिकाम्या वेळी उतरतो. हा चढउतार मातीला सोसत नाही. म्हणून चित्रांच्या लेण्यांत मर्यादित माणसांनाच एका वेळी सोडतात, चपला बाहेर ठेवाव्या लागतात, फ्लॅश चालत नाही, दिवे मंद असतात आणि सोमवारी लेणी बंद असतात. खाजगी गाड्या चार किलोमीटर अलीकडे, फर्दापूरच्या तिठ्यावर थांबवून पुढे एसटीच्या बसने जावे लागते. पर्यटक कुरकुरतात, धूर आणि धूळ मात्र त्यामुळेच लांब राहते.

जपानच्या कर्जसाह्यातून झालेल्या विकास योजनेत याच तिठ्याजवळ भव्य पर्यटक केंद्र उभारले. पहिल्या, दुसऱ्या, सोळाव्या आणि सतराव्या लेण्यांच्या प्रतिकृती तिथे बांधल्या. मूळ लेण्यांवरचा भार प्रतिकृतीने हलका करावा ही कल्पना फ्रान्समधल्या लास्कोच्या गुहाचित्रांपाशी यशस्वी झालेली. इथे वीज-पाण्याची बिले थकली आणि केंद्र बंद पडले. उद्घाटनाला निधी मिळतो, रोजच्या देखभालीला मिळत नाही. आपल्याकडचे गड, वाडे, बारवा यांचे दुखणेही बहुतेक वेळा हेच असते.

थर उतरवताना

१९९९ नंतर राजदेव सिंह यांच्या देखरेखीखाली दहाव्या लेण्यातली काळवंडलेली चित्रे स्वच्छ करण्याचे काम हाती घेण्यात आले. आधी काजळी आणि घाण, मग चपड्याचा कडक थर. तो मऊ करून, रंगाला न दुखवता, कापसाच्या बोळ्याने टिपून घ्यायचा. एका वेळी हातभर भिंतही हाताखालून जात नाही असे हे काम. थर उतरला तसे खालून चेहरे, हत्ती, मिरवणुका दिसू लागल्या. भारतात टिकून असलेल्या ऐतिहासिक काळातल्या सर्वांत जुन्या चित्रांत त्यांची गणना होते, आणि कित्येक दशके ती असून नसल्यासारखी होती.

इथे एक प्रश्न दर वेळी येतो. जिथे रंग उडाला आहे तिथे नवा भरून चित्र पूर्ण का करू नये? देवळाच्या रंगकामात आपण तेच करतो. अजिंठ्यात तसे करत नाहीत. रिकामी जागा साध्या मातकट रंगाने शांत ठेवतात, म्हणजे डोळ्याला खटकत नाही आणि पाचव्या शतकाचा कुंचला कुठे संपला हेही कळते. चित्र पूर्ण कसे दिसत असेल याची कल्पना करायला संगणक आहे. नाशिकचे प्रसाद पवार यांच्यासारख्या छायाचित्रकार-चित्रकारांनी अंधाऱ्या लेण्यांत अजिंठ्याची छायाचित्रे घेऊन हरवलेले भाग पडद्यावर जुळवण्यात वर्षे घातली आहेत. तिथे चूक झाली तर पुसता येते. भिंतीवरची चूक पुसता येत नाही.

गिल, ग्रिफिथ्स, चेक्कोनी यांच्यापैकी कुणीही निष्काळजी नव्हता. प्रत्येकाने आपापल्या काळातला उत्तम उपाय वापरला आणि तो कायमचा ठरेल असे गृहीत धरले. चुकले ते या गृहीतात. म्हणून आज संवर्धनाची पहिली अट अशी मानतात की लावलेला प्रत्येक लेप, भरलेली प्रत्येक फट पुढे कधीतरी मूळ वस्तूला धक्का न लावता काढता आली पाहिजे. आणि जे केले त्याची तारीखवार नोंद मागे राहिली पाहिजे. गावच्या मंदिराचा जीर्णोद्धार करताना जुन्या दगडी भिंतीला सिमेंटचा गिलावा आणि ऑइलपेंट देणाऱ्या समित्यांनाही हीच अट लागू पडते. सिमेंट एकदा लागले की दगडाचा पृष्ठभाग सोबत घेतल्याशिवाय निघत नाही. चुन्याचा गिलावा निघतो.

पन्नास वर्षांनी अजिंठ्याच्या भिंतीपुढे जो रसायनतज्ज्ञ उभा राहील त्याच्याकडे आपल्यापेक्षा चांगली साधने असतील. त्याला दुरुस्तीला वाव ठेवणे, आणि तोवर माथ्यावरचे चर दर पावसाळ्याआधी साफ करत राहणे, एवढे आजच्या पिढीच्या हातात आहे.